खजिनदार जॉन हॉकिन्स

इंग्लंडच्या आरमाराचे नाव निघाले की ड्रेक आणि नेल्सन चटकन आठवतात. परंतु १५८८ साली ज्या जहाजांच्या बळावर इंग्लंडने स्पेनचे प्रचंड आरमार परतवले, ती जहाजे सज्ज ठेवणारा खजिनदार फारसा कोणाच्या लक्षात राहत नाही. त्याचे नाव सर जॉन हॉकिन्स.

हॉकिन्सचा जन्म १५३२ मध्ये प्लिमथ बंदरात, एका सधन व्यापारी घराण्यात झाला. वडील विल्यम हॉकिन्स ब्राझीलपर्यंत जहाजे घेऊन गेलेले. त्यामुळे दर्यावर्दीपणा आणि व्यापारी हिशेब या दोन्ही गोष्टी जॉनला घरातच शिकायला मिळाल्या.

१५६२ साली लंडनच्या व्यापाऱ्यांचे भांडवल घेऊन तो तीन जहाजांसह पश्चिम आफ्रिकेला गेला. तेथे त्याने निदान तीनशे माणसे मिळवली. काही बळजबरीने पकडली, तर काही पोर्तुगीजांकडून हिसकावली. अटलांटिक ओलांडून हिस्पॅनिओला बेटावर ती विकली आणि कातडी, सुंठ, साखर व मोती भरून तो परतला. भागीदारांना भरघोस नफा झाला. १५६४ च्या दुसऱ्या सफरीसाठी खुद्द राणी एलिझाबेथने आपले ‘जीझस ऑफ ल्यूबेक’ हे जहाज दिले. येशूचे नाव धारण करणारे जहाज, आणि काम गुलामांच्या व्यापाराचे! पुढे हॉकिन्सला जे कुलचिन्ह मिळाले, त्यावर दोरखंडाने बांधलेला आफ्रिकी माणूस होता. या व्यवहाराची लाज कोणालाच वाटत नव्हती, याचा याहून मोठा पुरावा कोणता?

१५६७ ला निघालेल्या तिसऱ्या सफरीत मात्र दैव फिरले. वादळात सापडलेली जहाजे दुरुस्तीसाठी मेक्सिकोच्या सान हुआन दे उलुआ बंदरात शिरली. लगोलग स्पॅनिश ताफाही तेथे आला. एकमेकांना त्रास न देण्याचा करार झाला. पण सप्टेंबर १५६८ मध्ये स्पॅनिशांनी तो मोडून हल्ला केला. हॉकिन्सचे ‘मिनियन’ आणि तरुण ड्रेकचे ‘जुडिथ’ एवढीच दोन जहाजे निसटली. ‘मिनियन’वर अन्न पुरेना, म्हणून सुमारे शंभर खलाशांना मेक्सिकोच्या किनाऱ्यावर उतरवावे लागले. १५६९ च्या जानेवारीत जहाज इंग्लंडला पोहोचले, तेव्हा मूठभर माणसेच जिवंत होती.

१५७८ पासून हॉकिन्स नौदलाचा खजिनदार झाला आणि येथून त्याच्या कर्तृत्वाचा दुसरा भाग सुरू झाला. जहाजांचे उंच मनोरे कमी करून ती लांबट, चपळ बांधण्याला त्याने चालना दिली. पैसे खाल्ल्याचे आरोप सहकाऱ्यांनी केले, तरी तो पदावर टिकला. १५८५ मध्ये खलाशांचा पगार दरमहा ६ शिलिंग ८ पेन्सवरून १० शिलिंग झाला, तो त्याच्याच आग्रहाने. चांगला पगार असेल तर चांगली माणसे मिळतात, हे त्याने ओळखले होते. १५८८ च्या युद्धात तो ‘व्हिक्टरी’ जहाजावर होता आणि लढाई चालू असतानाच त्याला ‘सर’ ही पदवी मिळाली.

विजयानंतर खलाशी रोगराईने मरू लागले; पगारासाठी तिजोरीत पैसा नव्हता. त्यासाठी हॉकिन्स सरकारकडे सतत तगादा लावीत राहिला. पुढे चॅटहॅम येथे जखमी खलाशांसाठी निधी स्थापन झाला, त्याच्या संस्थापकांत तो होता. प्रत्येकाच्या पगारातून दरमहा सहा पेन्स कापून अपंगांना साहाय्य मिळू लागले. १५९२ मध्ये त्याने तेथेच गरीब खलाशांसाठी आश्रयगृहही उभारले.

१५९५ मध्ये ड्रेकबरोबर तो पुन्हा वेस्ट इंडिजकडे निघाला आणि १२ नोव्हेंबरला पोर्तो रिकोजवळ मरण पावला. त्याचा देह समुद्रातच सोडण्यात आला.

जखमी खलाशाच्या भाकरीची काळजी वाहणारा हा माणूस आफ्रिकेच्या माणसांना मात्र माल समजला. काळच तसा होता, असे म्हणून हा प्रश्न सुटत नाही. कारण दुःख म्हणजे काय हे त्याला कळत होते. ते कोणाचे मोजायचे, एवढेच त्याने ठरवून टाकले होते. आम्ही वाणिज्य शाखेचे विद्यार्थी ताळेबंद जुळला की समाधान मानतो. हॉकिन्सच्या पहिल्या सफरीचा ताळेबंदही भागीदारांच्या दृष्टीने उत्तमच होता. त्या तीनशे जणांचे नुकसान मात्र त्यात कोठेच मांडलेले नव्हते. नफ्याचा आकडा वाचताना तो कोणाच्या जिवावर मिळाला, हे विचारण्याची सवय आपण लावून घेतली पाहिजे.