भास्कराचार्यांची दोन उत्तरे

बाराव्या शतकात महाराष्ट्रात भास्कराचार्य हे थोर गणिती होऊन गेले. त्यांचा जन्म इ. स. १११४ मधला. सह्याद्रीच्या आश्रयास वसलेले विज्जलविड हे त्यांचे गाव. वडील महेश्वर विद्वान ज्योतिषी होते. तेच त्यांचे गुरू. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, इ. स. ११५० मध्ये, भास्कराचार्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणि’ हा ग्रंथ सिद्धीस नेला. ‘लीलावती’ व ‘बीजगणित’ हे त्याचेच भाग होत.

‘बीजगणिता’त माकडांचे दोन प्रश्न आहेत. कळपाच्या आठव्या भागाच्या वर्गाइतकी माकडे वनात खेळत होती आणि उरलेली बारा टेकडीवर होती. तर एकूण माकडे किती? याची उत्तरे दोन निघतात, १६ आणि ४८. पडताळून पाहता दोन्ही खरी ठरतात. आचार्यांनी दोन्ही स्वीकारली.

दुसऱ्या प्रश्नात कळपाच्या पाचव्या भागातून तीन वजा करून उरलेल्या संख्येचा वर्ग केला आहे. तितकी माकडे गुहेत शिरली व एक फांदीवर दिसले. येथे ५० आणि ५ अशी उत्तरे येतात. परंतु पाचांचा पाचवा भाग एक. एका माकडातून तीन माकडे कशी वजा करावयाची? म्हणून आचार्यांनी ५ हे उत्तर त्याज्य ठरविले. मात्र ते लपविले नाही. त्याज्य का, तेही सांगितले.

सुमारे पाचशे वर्षांनी, १६३७ मध्ये, फ्रेंच गणिती देकार्त यांनी समीकरण आणि वक्ररेषा यांची सांगड घातली. त्यातूनच पुढे आलेख आला. ज्या रिद्धपुरात म्हाइंभटांनी ‘लीळाचरित्र’ लिहिले, तेथील शाळेतला विद्यार्थीही आज हा प्रश्न आलेखकागदावर सोडवू शकतो. एकूण माकडांना क्ष म्हणावे. गुहेतील व फांदीवरील माकडांच्या बेरजेतून क्ष वजा करून येणाऱ्या संख्येला य म्हणावे. क्ष शून्य घेतला की य १० येतो. तेथे आलेख य-अक्षाला छेदतो. य शून्य होतो तेथे तो क्ष-अक्षाला छेदतो. ते बिंदू ५ आणि ५०. आलेख दोन्ही बिंदू सारख्याच निष्ठेने दाखवितो. त्यांतील कोणता प्रश्नाला लागू पडतो, हे मात्र तो सांगत नाही.

तो विवेक माणसालाच करावा लागतो. आलेखाचे साधन हाती नसतानाही भास्कराचार्यांनी तो केला.