अर्ल मॅनिगॉल्ट

न्यूयॉर्क शहरातील हार्लेम ही प्रामुख्याने कृष्णवर्णीयांची वस्ती. तेथील गरीब मुलांना बास्केटबॉलची उघडी मैदाने फार जवळची वाटत. याच मैदानांनी अर्ल मॅनिगॉल्ट हा असामान्य खेळाडू घडवला.

त्यांचा जन्म 7 सप्टेंबर 1944 रोजी अमेरिकेतील चार्ल्सटन येथे झाला. बालपण हार्लेममध्ये गेले. आडनावाच्या उच्चारावरून त्यांना 'गोट', म्हणजे बोकड, हे टोपणनाव पडले. बास्केटबॉलची कडी जमिनीपासून दहा फूट उंच असते. त्या खेळाच्या मानाने सुमारे सहा फूट उंचीचे मॅनिगॉल्ट ठेंगणेच. परंतु त्यांची उडी पाहून प्रेक्षक थक्क होत. रकर पार्क या मैदानावर नामांकित व्यावसायिक खेळाडूंसमोरही ते निर्भयपणे खेळत.

एवढे गुण असूनही यश त्यांच्या हाती लागले नाही. गांजाच्या प्रकरणावरून शाळा सुटली, महाविद्यालयीन शिक्षण अर्धवट राहिले आणि पुढे हेरॉइनच्या व्यसनाने त्यांना ग्रासले. त्यांना तुरुंगवासही भोगावा लागला. 1970 मध्ये पीट अ‍ॅक्स्टहेल्म या लेखकाने 'द सिटी गेम' या पुस्तकात त्यांची कहाणी लिहिली. त्यानंतर युटा स्टार्स या व्यावसायिक संघाने त्यांची चाचणी घेतली. पण व्यसनाने खंगलेल्या शरीराने साथ दिली नाही. पुढे त्यांना पुन्हा एकदा तुरुंगात जावे लागले.

मात्र त्यांनी हार मानली नाही. निर्धाराने व्यसन सोडून ते मैदानावर परतले. स्वतःच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या स्पर्धेतून त्यांनी वस्तीतील मुलांना खेळाकडे वळवले. आपली चूक न लपवता ते मुलांना अमली पदार्थांपासून दूर राहण्यास सांगत. लोक त्या मैदानाला 'गोट पार्क' म्हणू लागले. 1989 मध्ये निवृत्त होताना महान खेळाडू करीम अब्दुल-जब्बार यांनी त्यांची गणना सर्वश्रेष्ठ खेळाडूंमध्ये केली.

1996 मध्ये एचबीओ या दूरचित्रवाहिनीने त्यांच्या जीवनावर 'रिबाउंड' हा चित्रपट सादर केला. एरिक ला साल यांनी तो दिग्दर्शित केला, तर डॉन चीडल यांनी मॅनिगॉल्ट यांची भूमिका साकारली. नेम चुकून कडीवरून परत आलेल्या चेंडूवर ताबा मिळवणे, याला बास्केटबॉलमध्ये रिबाउंड म्हणतात. चुकलेला डाव पुन्हा हाती घेणाऱ्या या माणसाच्या कथेला हे नाव किती साजेसे! अर्थात, चित्रपटात वास्तवाला कल्पनेची जोड असते. त्यांच्या उडीविषयीच्या अनेक अद्भुत कथाही ऐकीवच आहेत. त्यांचा ऱ्हास आणि त्यांचे सावरणे मात्र सर्वस्वी खरे आहे.

15 मे 1998 रोजी हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. गमावलेली वर्षे त्यांना परत मिळाली नाहीत. परंतु इतरांची वर्षे वाया जाऊ नयेत, यासाठी ते झटले. त्यांचे खरे मोठेपण यातच आहे.