परळच्या स्वयंपाकघरातला कारखानदार

डोंबिवली पूर्वेला स्थानकाबाहेर रिक्षात बसून नुसते 'पेंढरकर' एवढेच म्हटले, तरी रिक्षावाला पुढचे काही विचारीत नाही. एमआयडीसीच्या बाजूला असलेल्या के. व्ही. पेंढरकर महाविद्यालयाचे नाव शहराच्या तोंडी इतके रुळले आहे, की ते कधीकाळी हाडामांसाच्या एका माणसाचे नाव होते हे तेथे शिकून बाहेर पडलेल्या अनेकांच्याही ध्यानी नसते. केशव विष्णू पेंढरकर यांचे नाव महाविद्यालयाच्या फलकावर आहे. त्यांनी उभ्या केलेल्या उद्योगाचे नाव मात्र देशभरातील न्हाणीघरांत आणि आरशांपुढे पोहोचले. तो उद्योग म्हणजे 'विको'.

पेंढरकर मूळचे नागपूरचे. तेथे त्यांचे किराणा मालाचे दुकान होते. त्या काळच्या किराणा दुकानात तांदूळ, गूळ, तेल यांच्या जोडीला हळद, लवंग, दालचिनी, ज्येष्ठमध, हिरडा असा काष्ठौषधींकडे झुकणारा मालही असे. दुकानदार अर्धा वैद्यही होऊन जाई. पुढे त्यांच्या उद्योगाने जे जिन्नस बाटल्यांत आणि ट्यूबांत भरले, त्यातले बरेचसे असेच किराण्याच्या फडताळावरचे होते, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

दुकानाच्या उत्पन्नावर समाधान न मानता ते कुटुंबासह मुंबईला आले. आधी वांद्र्याच्या परिसरात त्यांनी लहानसहान धंदे करून पाहिले. त्यांत फारसे यश आले नाही. मग बिऱ्हाड परळला हलले. गिरणगावातले परळ म्हणजे भोंग्यावर चालणारी वस्ती. पाळीपाळीने कामावर जाणारे गिरणी कामगार, लागूनच दादरची मध्यमवर्गीय वस्ती आणि दोन्हीकडच्या गिऱ्हाईकांना माल पुरविणारी दुकाने. बाजारात काय खपते आणि कोण काय घेते, याचे शिक्षण घ्यायला याहून चांगली जागा मुंबईत क्वचितच असेल.

बाजारात तेव्हा 'स्नो-पावडर'चे दिवस होते. ई. एस. पाटणवाला यांनी १९१९ मध्ये मुंबईतच सुरू केलेला 'अफगाण स्नो' घरोघरी ठाऊक झाला होता. अमेरिकेची 'पॉन्ड्स' आणि जर्मनीची 'निव्हिया' ही क्रीम ज्यांना परवडत, त्यांच्या कपाटात असत. दात घासायला मात्र अनेक घरांत अजून राखुंडी, कोळशाची पूड किंवा बाभळीची काडी चालत असे. ज्यांना थोडे आधुनिक व्हायचे होते, ते माकडछाप काळ्या दंतमंजनाकडे किंवा सरळ कोलगेटकडे वळत. जुने गावठी आणि नवे परदेशी अशा दोनच वाटा गिऱ्हाईकापुढे होत्या. जुनीच वस्तू नव्या वेष्टनात, नेमक्या मापात आणि प्रत्येक वेळी सारख्याच गुणाची मिळाली तर लोक ती घेतील, हे पेंढरकरांनी हेरले.

१९५२ साली त्यांनी 'विष्णू इंडस्ट्रियल केमिकल कंपनी' स्थापन केली. विष्णू हे वडिलांचे नाव. इंग्रजी आद्याक्षरे जुळवून झाले 'विको'. ज्या कंपनीने पुढची पन्नास वर्षे आपण रसायनांच्या वाटेला जात नाही असे सांगितले, तिच्या नावातच 'केमिकल' असावे हा योगायोग गमतीचा आहे. पण त्या काळी कारखानदारीत उतरणाऱ्या माणसाला हा शब्द प्रतिष्ठेचा वाटत असे. तो टाळावा असे कोणाच्या मनातही येत नव्हते.

त्या वेळी पेंढरकर पंचावन्नच्या घरात होते. सरकारी नोकराला निवृत्त करण्याचे तेव्हाचे वय नेमके हेच! ज्या वयात बरोबरीची माणसे पेन्शनचा हिशेब करीत होती, त्या वयात त्यांनी परळच्या तीन खोल्यांच्या राहत्या घरात कारखाना मांडला. स्वयंपाकघरात माल तयार व्हायचा, उरलेल्या खोल्यांत गोदाम आणि कचेरी. नात्यातल्या एका आयुर्वेद शिकलेल्या गृहस्थांची मदत घेऊन त्यांनी अठरा वनस्पतींचे दंतमंजन बनविले. बाभूळ, बकुळ, जांभूळ, खैर, लवंग ही त्यातली काही नावे. मंजनाला नाव दिले 'वज्रदंती', म्हणजे ज्या पिवळ्या कोरांटीला वैद्यक या नावाने ओळखते तिचेच. नाव उच्चारायला ठसठशीत आणि अर्थ न सांगता कळणारा. जाहिरातीचे शास्त्र शिकलेल्या माणसालाही याहून नेमके नाव सुचले असते की नाही, शंकाच आहे.

माल तयार झाला, पण विकायचा कुठे? दुकानदार अनोळखी मालाला फळीवर जागा देत नसत. तेव्हा पेंढरकर आणि त्यांची मुले मंजन घेऊन दारोदार हिंडली. वयस्क गृहस्थाने पिशवी घेऊन अनोळखी दार ठोठावणे आणि दात घासायची पूड पुढे करणे, याला मध्यमवर्गीय मराठी घरात त्या काळी काय म्हटले जाई ते वेगळे सांगायला नको. दुकान चालविणे निराळे आणि दारावर माल विकणे निराळे. पेंढरकरांनी ती लाज बाजूला ठेवली, आणि 'विको'च्या पहिल्या काही वर्षांचे भांडवल बहुतांशी हेच होते.

याच १९५२ मध्ये याच मुंबईत सौंदर्यप्रसाधनांचा आणखी एक उद्योग जन्माला आला. तो होता टाटांचा 'लॅक्मे'. परदेशी प्रसाधनांवर खर्च होणारे परकीय चलन वाचावे, या पंतप्रधान नेहरूंच्या इच्छेतून तो सुरू झाला असे सांगितले जाते. त्याला रॉबेर पिगे आणि रनवार या दोन फ्रेंच संस्थांचे सहकार्य होते. नावही फ्रेंच वळणाचे. लिओ दलिब या संगीतकाराच्या १८८३ साली पॅरिसमध्ये रंगमंचावर आलेल्या ऑपेराची नायिका लॅक्मे, आणि लॅक्मे म्हणजे फ्रेंच उच्चारातली आपली लक्ष्मी. एकीकडे लक्ष्मी पॅरिसला जाऊन लॅक्मे होऊन परतली होती, तर दुसरीकडे परळच्या स्वयंपाकघरात विष्णूच्या नावाने मंजन कुटले जात होते. दोन्ही उद्योगांना परदेशी मालाशीच टक्कर द्यायची होती. टाटांनी त्यासाठी फ्रान्सचे तंत्र आणले, पेंढरकरांनी घरातला मसाल्याचा डबा उघडला.

फ्रान्सचा विषय निघालाच आहे, तर तेथील एक साम्यही पाहण्यासारखे आहे. जगातील सर्वांत मोठी सौंदर्यप्रसाधन कंपनी असलेल्या 'लोरिआल'चा आरंभही घरच्या ओट्यावरच झाला. यूजेन श्युलेर हा तरुण रसायनज्ञ पॅरिसमधल्या आपल्या लहानशा घरात रात्री केसांचे कलप बनवी आणि दिवसा केशकर्तनकारांकडे फिरून स्वतःच विकी. १९०९ मध्ये त्याने कंपनी स्थापली. श्युलेर १९५७ मध्ये वारला, तोवर पेंढरकरांच्या उद्योगाला पाच वर्षे झाली होती. आरंभ एकसारखा असला तरी पुढची वाट निराळी. श्युलेरनंतर 'लोरिआल' दुसऱ्यांच्या कंपन्या विकत घेत वाढत गेली. १९६४ मध्ये लँकोम, पुढच्याच वर्षी गार्निए, १९८९ मध्ये ला रोश-पोझे. विशी, आव्हेन, ला रोश-पोझे ही आज औषधांच्या दुकानांत दिसणारी फ्रेंच नावे वास्तविक गावांची आहेत. तेथल्या झऱ्यांचे पाणी त्वचेला हितकर मानले जाते, आणि त्या पाण्याबरोबर गावाचे नावही बाटलीत भरून जगभर विकले जाते. डोंबिवलीच्या वाट्याला असे भाग्य आलेले नाही.

परळच्या घरात मात्र कंपन्या विकत घेण्याचा प्रश्नच नव्हता; होते ते टिकवायचे होते. १९५७ मध्ये पेंढरकरांचे पुत्र गजानन उद्योगात आले. ते औषधनिर्माणशास्त्राचे पदवीधर. वडिलांकडे बाजाराची नाडी आणि मुलाकडे प्रयोगशाळेची शिस्त, असा हा मेळ होता. पूड वापरणारे गिऱ्हाईक हळूहळू ट्यूबमधल्या पेस्टकडे वळू लागले होते. वनस्पतींचे चूर्ण पाण्यात कालवले तर ते टिकत नाही, साका खाली बसतो, रंग बदलतो. ते महिनोन्महिने एकजीव राहील अशी पेस्ट बनविणे हे पाटा-वरवंट्याचे काम नव्हे. वज्रदंतीची पेस्ट निघाली ती याच दुसऱ्या पिढीच्या शिक्षणामुळे.

केशवराव १९७१ मध्ये निवर्तले. जे उत्पादन 'विको'ची खरी ओळख ठरले, ते त्यांना पाहायला मिळाले नाही. हळदीचे क्रीम बाजारात आले ते १९७५ मध्ये, गजानन पेंढरकरांच्या कारकिर्दीत. बाजारातले प्रत्येक क्रीम तेव्हा शुभ्र असे. 'स्नो' हे नावच मुळी त्या शुभ्रतेवरून आलेले. त्यात हे पिवळे क्रीम! चेहरा पिवळा दिसेल, हात आणि पदर रंगेल, ही धास्ती स्वाभाविक होती. हळदीचा डाग काय असतो हे भारतीय गृहिणीला कोणी शिकवायला नको. विक्रेते आरसा बरोबर घेऊन हिंडत आणि क्रीम लावून दाखवत, असे सांगितले जाते. मंजन घेऊन दारोदार फिरण्याची केशवरावांची रीत येथे पुन्हा उपयोगी पडली. जाहिरातीतही लग्नघरातली हळद आणली गेली. चित्रपटगृहांत आणि पुढे दूरदर्शनवर 'विको'चे सूर इतके ऐकू येऊ लागले, की लहान मुलांना ते पाढ्यांसारखे पाठ झाले. १९८४ मधील 'ये जो है जिंदगी' या गाजलेल्या मालिकेची प्रायोजक हीच कंपनी होती.

परळची जागा अपुरी पडल्यावर कारखान्याला मोठी जागा लागली, आणि डोंबिवलीच्या औद्योगिक वसाहतीशी 'विको'चे नाते जुळले. नागपूर आणि गोवा येथेही कारखाने झाले. डोंबिवलीची एमआयडीसी तिच्या रासायनिक कारखान्यांमुळे बातम्यांत असते. २०१४ मध्ये तेथे हिरवा पाऊस पडला, २०२० मध्ये रस्ता गुलाबी झाला, आणि स्फोटांच्या बातम्या तर रहिवाशांनी धास्तीने वाचलेल्या आहेत. त्याच वसाहतीत हळद, चंदनाचे तेल आणि बाभळीच्या सालीवर चालणारा कारखाना असावा, हे या शहराच्या मिश्र स्वभावाला साजेसेच.

क्रीम चालू लागले आणि उत्पादन शुल्क खात्याचे लक्ष तिकडे गेले. प्रश्न साधा दिसत होता, उत्तर मात्र पैशात महाग होते. हळदीचे क्रीम हे औषध की प्रसाधन? प्रसाधन ठरले तर शुल्काचा बोजा जास्त, आयुर्वेदिक औषध ठरले तर कमी. १९७८ मध्ये हा वाद ठाण्याच्या दिवाणी न्यायालयात गेला. तेथे आणि नंतर उच्च न्यायालयात निकाल कंपनीच्या बाजूने लागला. १९८५ च्या कायद्याने शुल्काची नवी वर्गवारी आली, तेव्हा तोच प्रश्न पुन्हा उभा राहिला आणि सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. तेथेही कंपनीचे म्हणणे मान्य झाले. या साऱ्यात पाव शतकाहून अधिक काळ गेला. आपले क्रीम प्रसाधन नव्हे असे कंपनी जाहिरातीत जे गाऊन सांगत होती, तेच तिला न्यायालयात कागदोपत्री सिद्ध करावे लागले. अर्थात चेहरा उजळावा म्हणून क्रीम लावणाऱ्या तरुणीला ते औषध वाटत होते की प्रसाधन, हे तिलाच ठाऊक! कायद्याची वर्गवारी आणि आरशापुढची वर्गवारी एकच असते असे नाही.

या वादाच्या मुळाशी जाऊन पाहिले तर तो केशवरावांनीच नकळत निर्माण केलेला आहे. आजीबाईच्या बटव्यातली वस्तू त्यांनी प्रसाधनाच्या फळीवर नेऊन ठेवली. ती कोणत्या रकान्यात बसवायची हे सरकारला कळेना. पुढे हळदीचे मोल अमेरिकेलाही उमगले. जखम भरण्यासाठी हळद वापरण्याचे पेटंट तेथे १९९५ मध्ये देण्यात आले. डॉ. रघुनाथ माशेलकर यांच्या नेतृत्वाखालील वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेने जुने संस्कृत आणि इतर ग्रंथाधार पुढे करून त्याला आव्हान दिले आणि १९९७ मध्ये ते रद्द झाले. हळद ट्यूबमध्ये भरून विकताना पेंढरकरांच्या घरातल्या कोणाला ती आपली एकट्याची आहे असे म्हणावेसे वाटले नव्हते.

दरम्यान बाजाराचे मालक बदलत गेले. 'पॉन्ड्स' १९८०च्या दशकात युनिलिव्हरकडे गेली. 'लोरिआल'ने १९९४ मध्ये भारतात स्वतःची कंपनी काढली, पुण्याजवळ चाकणला कारखाना उभारला आणि २०१३ मध्ये मुंबईची 'चेरिल्स कॉस्मेस्युटिकल्स' विकत घेतली. वनस्पतींचे, आयुर्वेदाचे नाव घेऊन उभ्या राहिलेल्या भारतीय कंपन्यांचेही तेच झाले. 'इंदुलेखा' हिंदुस्थान युनिलिव्हरने २०१५ मध्ये घेतली, 'कामा आयुर्वेद'चे बहुतांश भाग २०२२ मध्ये स्पेनच्या पुइग कंपनीकडे गेले. कल्याणच्या बाजारपेठेतल्या किराणा दुकानात दोरीला टांगलेल्या पुड्या आणि ठाण्याच्या मॉलमधल्या काचेच्या काउंटरवरच्या बाटल्या निरनिराळ्या नावांच्या असल्या, तरी त्यांतल्या बऱ्याच नावांचा मालक शेवटी एकच निघतो.

'लॅक्मे'मधील आपला उरलेला हिस्सा टाटांनी १९९८ मध्ये हिंदुस्थान लिव्हरला विकला. गजानन पेंढरकर २०१५ मध्ये निवर्तले. 'विको' आजही पेंढरकर कुटुंबाकडेच आहे. या काळात ती वाढायची तेवढी वाढली नाही असे म्हणणारेही आहेत, आणि बड्या कंपन्यांच्या जाहिरातखर्चापुढे तिचा आवाज पूर्वीसारखा घुमत नाही हेही खरे. पण १९५२ साली मुंबईत एकाच वेळी निघालेल्या दोन नावांपैकी मूळ घराण्याच्या हातात राहिले ते एकच, तीन खोल्यांच्या घरात सुरू झालेले.