उस्मार इस्माईल

मुंबईचे चित्रपट सातासमुद्रापार चालतात, हे सांगताना आपली छाती फुगते. ते जेथे चालले, तेथल्या निर्मात्यांचे काय झाले, हा प्रश्न मला उस्मार इस्माईल यांच्याविषयी वाचेपर्यंत कधी पडलाच नव्हता.

उस्मार यांचा जन्म १९२१ साली सुमात्रातील बुकिटिंग्गी येथे झाला. जपानी अमदानीत त्यांनी नाटके केली. १९४९ मध्ये डच कंपनीसाठी दोन चित्रपट दिग्दर्शित केले. पण ते त्यांनी मनाने कधीच आपले मानले नाहीत. डचांनी सत्ता सोडली, त्यानंतर अवघ्या तीन महिन्यांनी, ३० मार्च १९५० रोजी, त्यांच्या ‘पेरफिनी’ संस्थेने ‘दारा दान दोआ’चे चित्रण सुरू केले. इंडोनेशियात हाच दिवस चित्रपटदिन म्हणून पाळला जातो. विशेष म्हणजे, चित्रपटाचा नायक असलेला कॅप्टन शूर पुतळा नाही. तो चुकतो, प्रेमात पडतो, डळमळतो. सैन्यातील काहींना हे रुचले नाही. ‘लेवात जाम मालाम’मध्ये (१९५४) तर स्वातंत्र्यासाठी लढलेला तरुण घरी परततो आणि त्याला त्या नव्या समाजात जागाच सापडत नाही. स्वातंत्र्यानंतर इतक्या लवकर असे बोलायला धैर्य लागते.

पण धैर्याने स्टुडिओचा खर्च भागत नाही. जाकार्ताच्या थिएटरांत अमेरिकन आणि मलायी चित्रपटांबरोबर आपले हिंदी चित्रपटही गर्दी खेचत होते. सरकारचे संरक्षण मिळेना, तेव्हा १९५७ मध्ये निर्मात्यांनी निषेध म्हणून स्टुडिओंना टाळे ठोकले. त्यात उस्मार पुढे होते.

त्याच वर्षी पैशाच्या ओढाताणीतून निघालेला त्यांचा ‘तिगा दारा’ प्रदर्शित झाला. आईवेगळ्या तीन बहिणी, थोरलीच्या लग्नाची आजीला लागलेली काळजी, आणि गाणीच गाणी! लोकांनी तो डोक्यावर घेतला. उस्मार यांना मात्र ही आपल्या ध्येयाशी केलेली तडजोड वाटे. मला त्यांचे म्हणणे पटत नाही. ती आजी आमच्या वाड्यातलीच वाटावी, इतकी खरी आहे.

पुढेही पेरफिनीची ओढग्रस्त संपली नाही. २ जानेवारी १९७१ रोजी, वयाची पन्नाशीही गाठण्याआधी, उस्मार वारले. ‘लेवात जाम मालाम’ची दुरुस्त केलेली प्रत २०१२ मध्ये कानच्या महोत्सवात दाखवली गेली. चार वर्षांनी ‘तिगा दारा’चीही प्रत दुरुस्त होऊन तो इंडोनेशियाच्या थिएटरांत पुन्हा लागला.