संत तुकाराम : ध्रुपद धरणारा कवी

तुमच्यापैकी जे पिंपरी-चिंचवड किंवा चाकणच्या कारखान्यांत काम करतात, त्यांना देहू परके नाही. तुकारामांचे चरित्र मात्र आपण येथे एका बाजूने पाहणार आहोत : ते कवी होण्याआधी कीर्तनातील साथीदार होते.

इ. स. १६०८ च्या सुमारास मोरे घराण्यात त्यांचा जन्म झाला. घरी महाजनकी, वाण्याचा व्यवसाय आणि विठ्ठलाचे देऊळ होते. १६३० च्या सुमाराच्या दुष्काळात पत्नी रखमाबाई व मुलगा दगावले, व्यापार बुडाला. त्यानंतर भामचंद्र व भंडारा या डोंगरांवर त्यांनी एकांत सेवला, मोडकळीस आलेले देऊळ सावरले, पूर्वसंतांची वचने पाठ केली आणि कीर्तनकाराच्या मागे उभे राहून ते ध्रुपद धरू लागले. हे त्यांनी स्वतःच एका अभंगात नोंदविले आहे.

ध्रुपद म्हणजे पुनःपुन्हा येणारे पालुपद. कीर्तनकार चरण म्हणतो, टाळकरी ध्रुपद उचलतात. मोठ्या अभंगाच्या एका चौकात सहा, सहा, सहा व चार अक्षरे येतात. दुसऱ्या व तिसऱ्या चरणांत यमक जुळते. अशी रचना निरक्षराच्याही स्मरणात राहते. पुढे तुकाराम स्वतः कीर्तन करू लागले, तेव्हा त्यांच्या मागे चाकणचे तेली संताजी जगनाडे आणि कडूसचे ब्राह्मण गंगाजी मवाळ टाळ घेऊन उभे राहिले. जातीच्या उतरंडीत दूर असलेली ही माणसे एका तालात गात होती, ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती.

शूद्राने वेदार्थ सांगावा याला विरोध झाला. वाघोलीच्या रामेश्वर भटांच्या सांगण्यावरून वह्या इंद्रायणीत बुडवाव्या लागल्या. तेरा दिवसांनी त्या कोरड्या वर आल्या, असे परंपरा मानते. भाषाभ्यासक म्हणून मला त्या कथेमागे एक साधे वास्तवही दिसते : कागद बुडविता येतो, शेकडो मुखांत बसलेले अभंग बुडविता येत नाहीत. रामेश्वर भटही पुढे तुकारामांचे अनुयायी झाले.

१६५० मध्ये तुकारामांचे प्रयाण झाले. संताजींच्या हातची वही पुढे वि. ल. भावे यांनी प्रसिद्ध केली. धाकटे पुत्र नारायणबाबा यांनी १६८५ मध्ये पालखी सोहळा सुरू केला. देहूहून निघालेली ती पालखी आजही आकुर्डीला मुक्काम करते आणि दिंडीतले टाळकरी तसेच ध्रुपद धरतात.