बालगंधर्व : देह आणि प्रतिमा

कुलीन स्त्रिया रंगभूमीवर पाऊल ठेवीत नव्हत्या, त्या काळात स्त्रीसौंदर्याचा आदर्श महाराष्ट्रापुढे एका पुरुषाने ठेवला. ते नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजेच बालगंधर्व.

त्यांचा जन्म २६ जून १८८८ चा. १९०५ साली ते किर्लोस्कर नाटक मंडळीत दाखल झाले आणि शकुंतला म्हणून रसिकांपुढे उभे राहिले. १९११ साली ‘मानापमान’मधील भामिनी, १९१६ साली ‘स्वयंवर’मधील रुक्मिणी आणि १९१९ साली ‘एकच प्याला’मधील सिंधू त्यांनी अजरामर केली. ‘मानापमान’च्या पहिल्या प्रयोगाच्या दिवशीच त्यांची लहानगी मुलगी वारली. तरीही डोळे पुसून ते भामिनी झाले. त्यांचे लुगडे नेसणे, पदर सावरणे, अंबाड्यात फूल माळणे घरोघरच्या स्त्रियांनी उचलले.

पण देह कोणाचीच गय करीत नाही. बालगंधर्व चित्रपटाच्या कॅमेऱ्यापुढे आले ते १९३५ साली, ‘प्रभात’च्या ‘धर्मात्मा’मध्ये, संत एकनाथांच्या भूमिकेत. तेव्हा ते सत्तेचाळीस वर्षांचे होते, अंगाने स्थूल झाले होते. रंगभूमीवर प्रेक्षक दूर असतो, सूर मधले अंतर भरून काढतो. कॅमेरा मात्र अगदी जवळ येतो. शिवाय तो दादही देत नाही. त्यांचा जीव तेथे रमला नाही. १९३७ साली ‘साध्वी मीराबाई’त ते पडद्यावर पुन्हा स्त्री झाले, पण त्यांचे खरे घर रंगभूमीच राहिले.

आमच्या घरात नाटक कोणी पाहिलेले नाही. भिवंडीत यंत्रमागाच्या खडखडाटापुढे दुसरे संगीत ऐकू येत नाही! ‘धर्मात्मा’तील काही दृश्ये मी मोबाईलवर पाहिली आणि प्रथम माझी निराशा झाली. हेच का ते सौंदर्य? मग लक्षात आले, की चूक माझी आहे. तरुणपणीची भामिनी छायाचित्रांत उरली आणि चित्रपटाला गवसले ते उतरते वय. आज त्यांच्यावर कोणी माहितीपट काढला, तर जुन्या चित्रफितीतील तो देह पाहून आपण त्यांना मोजणार काय?

उत्तरायुष्यात त्यांचे पाय लुळे पडले. तरी बसून ते भजने गात राहिले, लोक ऐकत राहिले. १९६४ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. १५ जुलै १९६७ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. पुण्याच्या बालगंधर्व रंगमंदिरात गोपाळ देऊसकरांनी रंगविलेली त्यांची दोन तैलचित्रे आहेत, एक स्त्रीवेषातील आणि एक पुरुषवेषातील. लुळ्या पायांनी गाणाऱ्या म्हाताऱ्याचे तिसरे चित्र आपण मनात काढावयाचे आहे.

मैत्रिणींनो, स्नेहसंमेलनाच्या फोटोत आपण जाड दिसलो, काळ्या दिसलो, की तो फोटो आपण लगेच पुसून टाकतो. मीही पुसले आहेत. यंदाचा मात्र ठेवला आहे.