मातृत्वाचे कैवारी डॉ. बाबासाहेब आंबेडकर

डॉ. भीमराव रामजी आंबेडकर यांचे नाव उच्चारताच महाडचा सत्याग्रह व भारताची राज्यघटना यांचे स्मरण होते. परंतु ह्या थोर कायदेपंडिताने स्त्रियांच्या मातृत्वासाठी व आरोग्यासाठी जी वकिली केली, तिची माहिती आपल्या घराघरांतून अद्याप अल्पच आहे. म्हणून त्यांच्या चरित्रातील तेवढा भाग येथे सादर करीत आहोत.

बाबासाहेबांचा जन्म १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे झाला. सुभेदार रामजी व भीमाबाई यांचे ते चौदावे अपत्य. भावंडांपैकी बरीचशी लहानपणीच दगावली व बाबासाहेबांच्या बालवयातच मातोश्रीही निवर्तल्या. पुढे त्यांच्या स्वतःच्या पाच अपत्यांपैकी एकटे यशवंतराव जगले. १९३५ साली पत्नी रमाबाईही गेल्या. बालमृत्यूचे दुःख त्यांना ग्रंथांतून जाणून घ्यावे लागले नाही.

विलायतेहून बॅरिस्टर होऊन आल्यावर १९२३ साली त्यांनी मुंबईत वकिली आरंभिली. १९२७ पासून ते मुंबई विधिमंडळाचे सभासद होते. १९२८ साली तेथे कामगार स्त्रियांच्या प्रसूतिलाभाचे विधेयक आले, तेव्हा त्यांनी त्याचा हिरिरीने पुरस्कार केला. प्रसूतीपूर्वी व नंतर मातेला विश्रांती मिळणे हे राष्ट्राच्याच हिताचे आहे, म्हणून त्याचा भार सरकारने व तिच्या श्रमाचा लाभ घेणाऱ्या मालकाने उचलावा, असे त्यांचे प्रतिपादन होते. १९२९ साली हा कायदा झाला.

महर्षी कर्वे यांचे चिरंजीव रघुनाथराव हे ‘समाजस्वास्थ्य’ मासिकातून संततिनियमनाचा प्रचार करीत. त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला, तेव्हा भल्याभल्यांनी पाठ फिरविली. परंतु १९३४ साली बाबासाहेब त्यांच्या बाजूने न्यायालयात उभे राहिले. शरीरासंबंधी शास्त्रीय ज्ञान देणे हा अपराध नव्हे, अशी त्यांची भूमिका होती. खटला हरला व कर्व्यांना दंड झाला.

तथापि बाबासाहेबांनी हा प्रश्न सोडला नाही. १९३८ च्या नोव्हेंबरात त्यांच्या पक्षातर्फे मुंबई विधानसभेत संततिनियमनाचा ठराव आला. त्यावरील भाषण बाबासाहेबांनी सिद्ध केले होते व श्री. रोहम यांनी ते सभागृहात मांडले. गर्भधारणा व्हावी की न होवो, हे सर्वस्वी स्त्रीच्या इच्छेवर अवलंबून असावे, हा त्यातील गाभा होय. ठराव बहुमताने फेटाळला गेला. पुढे मध्यवर्ती सरकारात मजूरमंत्री असताना, १९४३ साली, त्यांनी खाणकामगार स्त्रियांच्या प्रसूतिलाभाच्या कायद्यात दुरुस्ती घडवून आणली.

१९५२ साली भारत सरकारने कुटुंबनियोजनाचा कार्यक्रम हाती घेतला. सभागृहाने झिडकारलेला विचार चौदा वर्षांत राष्ट्राने स्वीकारला, हे पाहण्यास बाबासाहेब हयात होते. ६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्ली येथे त्यांचे महापरिनिर्वाण झाले.

कायदे झाले, परंतु सुनेच्या बाळंतपणाचा निर्णय तिला न विचारता घेणारी घरे आजही आहेत. आपल्या ज्ञातीतील प्रत्येक कुटुंबाने लेकीसुनांची इच्छा व प्रकृती यांस अग्रमान द्यावा, हेच ह्या महापुरुषाचे खरे स्मरण होय.